न्यायमूर्ती लर्नेड हँड : एका साशंक न्यायाधीशाची कहाणी

(सुवर्णमहोत्सवी व्याख्यानमालेत दिलेले भाषण)



या व्याख्यानमालेचे निमंत्रण घेऊन मंडळाचे चिटणीस आमच्याकडे आले, तेव्हा त्यांनी एकच अट घातली : "आपल्या व्यवसायातले काही सांगा, पण कलमे सांगू नका." सारा जन्म कलमांवर पोट भरलेल्या माणसाला ही अट जाचक खरी; परंतु यजमानांचा शब्द मोडवत नाही. म्हणून आज कलमे बाजूस ठेवून एका माणसाविषयी बोलावे, असे आम्ही योजिले आहे.

रानडे, तेलंग, चंदावरकर ही नावे मराठी श्रोत्यांना नवी नाहीत. आम्ही निवडलेले नाव मात्र परके आहे, आणि थोडे गमतीचेही. कोर्टात प्रतिपक्षाच्या वकिलाचा उल्लेख 'माय लर्नेड फ्रेंड' असा करण्याची रीत आहे; मग तो मित्र विद्वान असो वा नसो. अमेरिकेत एका न्यायाधीशाचे नावच 'लर्नेड' होते. बिलिंग्ज लर्नेड हँड हे त्यांचे पूर्ण नाव. 'लर्नेड' हे त्यांच्या आईच्या माहेरचे आडनाव. आईवडिलांनी ठेवलेले नाव पुढे इतके सार्थ ठरल्याची उदाहरणे थोडी.

हे गृहस्थ अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयात कधीही बसले नाहीत. तरीही त्या देशातील थोर न्यायाधीशांची नावे घेतली जातात, तेव्हा त्यांचे नाव वगळता येत नाही. हे कसे घडले, आणि इतक्या दूरच्या माणसाचे आपल्याला काय, या दोन प्रश्नांची उत्तरे देण्याचा आमचा प्रयत्न राहील.

प्रथम तेथील व्यवस्थेविषयी दोन शब्द. अमेरिकेत प्रत्येक राज्याची न्यायालये वेगळी आणि संघराज्याची वेगळी. संघीय न्यायालयांच्या तीन पायऱ्या आहेत. तळाशी जिल्हा न्यायालय, मध्ये अपील न्यायालय आणि वर सर्वोच्च न्यायालय. अपील न्यायालयांचे प्रदेश वाटून दिलेले असून त्यांना 'सर्किट' म्हणतात. न्यूयॉर्क, कनेक्टिकट आणि व्हर्मॉन्ट ही राज्ये मिळून दुसरे सर्किट होते. सर्वोच्च न्यायालय मोजकीच प्रकरणे हाती घेते. त्यामुळे बहुतेक पक्षकारांच्या दृष्टीने अपील न्यायालयाचा शब्द हाच अखेरचा शब्द. वर्तमानपत्रांचे लक्ष मात्र वरच्या पायरीकडे. मधल्या पायरीवर बसून आयुष्यभर काम करणाऱ्याला कीर्तीची आशा धरता येत नाही, हे ध्यानी घ्यावे.

लर्नेड हँड यांचा जन्म २७ जानेवारी १८७२ रोजी न्यूयॉर्क राज्याच्या ऑल्बनी या राजधानीत झाला. वडील सॅम्युएल हँड नामांकित वकील. काही काळ राज्याच्या वरिष्ठ न्यायालयाचे न्यायाधीशही होते. मुलगा चौदा वर्षांचा असताना ते कर्करोगाने वारले. वडिलांची मोठी प्रतिमा आणि त्यापुढे आपण थिटे पडतो ही रुखरुख, एवढा वारसा मुलाला मिळाला. हार्वर्डमध्ये विल्यम जेम्स, रॉइस आणि सांतायना यांसारख्या गुरूंपाशी त्यांनी तत्त्वज्ञान शिकले. ओढा तिकडेच होता. पण घराण्याचा व्यवसाय वकिलीचा. १८९६ मध्ये कायद्याची पदवी घेऊन ते ऑल्बनीस परतले. १९०२ मध्ये त्यांचा विवाह झाला आणि त्याच वर्षी त्यांनी न्यूयॉर्क शहरात बिऱ्हाड हलविले. वकिलीत त्यांचे मन रमले नाही आणि फारसे यशही आले नाही. ज्यांना आपल्या पक्षकाराइतकीच प्रतिपक्षाचीही बाजू दिसते, त्यांची वकिली कशी चालावी? परंतु जो दोष वकिलाला बुडवितो, तोच न्यायाधीशाला तारतो. १९०९ मध्ये अध्यक्ष टाफ्ट यांनी त्यांना न्यूयॉर्कच्या संघीय जिल्हा न्यायालयावर नेमले, तेव्हा ते सदतीस वर्षांचे होते.

त्यांच्या आरंभीच्या एका प्रकरणाचा उल्लेख मराठी वाचकाने अवश्य ऐकावा असा आहे. १९१३ मध्ये एका कादंबरीच्या प्रकाशकावर अश्लीलतेचा खटला झाला. त्या काळी कसोटी होती ती इंग्लंडमधील १८६८ च्या हिक्लिन खटल्याची. ज्यांची मने दूषित होण्याजोगी आहेत अशा दुबळ्यातल्या दुबळ्या वाचकाच्या हाती पुस्तक पडले तर काय होईल, हे पाहून पुस्तकाचा निवाडा करावयाचा. हँड कनिष्ठ न्यायाधीश होते. प्रस्थापित कसोटी मोडणे त्यांच्या हाती नव्हते. त्यांनी ती पाळली आणि खटला पुढे चालू दिला. मात्र निकालपत्रात त्यांनी विचारले की, समाजातील सर्वांत अपरिपक्व मनाच्या मापाने साऱ्या साहित्याचे माप का घ्यावे? त्या त्या काळचा समाज शिष्टाचाराची जी रेषा मान्य करतो, तीच कसोटी का नसावी? पुढे १९३४ मध्ये जेम्स जॉइस यांच्या 'युलिसिस'ला मोकळीक देणाऱ्या अपील न्यायपीठावर ते आणि त्यांचे चुलतबंधू ऑगस्टस हँड या दोघांचे बहुमत होते.

आपल्या देशात हीच हिक्लिन कसोटी १९६४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने 'लेडी चॅटर्लीज लव्हर'च्या प्रकरणात स्वीकारली. 'रंभा' मासिकाच्या १९६२ च्या दिवाळी अंकातील चंद्रकांत काकोडकर यांच्या कथेवरील खटला आपल्यापैकी काहींना आठवत असेल. उच्च न्यायालयाने लेखकाला दोषी धरले. १९६९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्याला मुक्त केले, आणि समाजाची मापे झपाट्याने बदलत आहेत याची दखल घेतली. हिक्लिनचा त्याग होऊन समकालीन समाजाची कसोटी आपल्याकडे स्पष्टपणे स्थापित झाली ती २०१४ मध्ये. न्यूयॉर्कच्या एका जिल्हा न्यायाधीशाने शंभर वर्षांपूर्वी विचारलेल्या प्रश्नाला आमच्या देशाने दिलेले हे उत्तरच म्हणावयाचे.

आता त्यांच्या आयुष्यातील कसोटीच्या प्रसंगाकडे वळू. एप्रिल १९१७ मध्ये अमेरिका पहिल्या महायुद्धात उतरली. जूनमध्ये हेरगिरीविरोधी कायदा झाला. सैन्यात बंडाळी माजविणे आणि भरतीत अडथळा आणणे हे गुन्हे ठरले. न्यूयॉर्कमध्ये 'द मासेस' नावाचे समाजवादी मासिक निघत असे. त्याच्या ऑगस्टच्या अंकात युद्धाविरुद्ध व्यंगचित्रे, कविता आणि लेख होते. पोस्टमास्तरांनी तो अंक टपालात घेण्याचे नाकारले. मासिकाने हँड यांच्या न्यायालयात दाद मागितली.

त्या वेळचे वातावरण ध्यानात आणावे. युद्धाविरुद्ध ब्र काढणारा देशद्रोही ठरत होता. हँड स्वतः युद्धाचे विरोधक नव्हते, आणि त्या मासिकाची मते त्यांना मान्य नव्हती. अपील न्यायालयातील जागेसाठी त्यांचे नाव त्या सुमारास घेतले जात होते; या खटल्याचा कौल सरकारविरुद्ध गेला तर ती जागा हातची जाईल, हे त्यांना उमगत होते. तरीही जुलै १९१७ मध्ये त्यांनी पोस्टमास्तरांविरुद्ध मनाई हुकूम दिला.

त्यांचे तर्कशास्त्र साधे होते. सरकारवरील कडक टीकेने लोकांत असंतोष पसरतो, आणि असंतुष्ट माणूस कायदा मोडण्याचा संभव वाढतो, हे खरे. पण तेवढ्यावर टीका गुन्हा ठरवू लागलो, तर लोकशाहीत टीका म्हणून उरणार ती सरकारला न झोंबणारी. म्हणून संभाव्य परिणामांचा तर्क करीत बसू नये. उच्चारलेले शब्द पाहावेत. कायदा मोडा, असे शब्द थेट सांगत असतील तर ते दंडनीय. तसे नसेल, तर ते कितीही कडू असले तरी स्वातंत्र्याच्या कक्षेत आहेत.

हा हुकूम टिकला नाही. अपील न्यायालयाने तो नोव्हेंबरमध्ये उलटविला, आणि वर्ष संपण्याच्या आत मासिक बंद पडले. रिकामी झालेली जागा १९१८ मध्ये मार्टिन मँटन या दुसऱ्या गृहस्थांना मिळाली. हँड यांना अपील न्यायालयात पोहोचण्यास १९२४ साल उजाडावे लागले. अध्यक्ष कूलिज यांनी त्यांची नेमणूक केली, तेव्हा ते बावन्न वर्षांचे होते. ज्या मँटन यांना ती जागा लाभली, त्यांच्या शेजारी हँड पुढे पंधरा वर्षे बसले. १९३९ मध्ये उघडकीस आले की मँटन पक्षकारांकडून पैसे घेत होते. त्यांनी राजीनामा दिला आणि त्यांना दोन वर्षांच्या कारावासाची शिक्षा झाली. काळवंडलेल्या त्या न्यायालयाचे ज्येष्ठपद हँड यांच्याकडे आले. त्यांनी पावित्र्याची प्रवचने केली नाहीत. आपले काम चोख केले. काही वर्षांतच ते न्यायालय साऱ्या देशात अव्वल मानले जाऊ लागले.

त्यांच्या कामाची रीतही सांगण्याजोगी आहे. अपिलासाठी तीन न्यायाधीश बसत. युक्तिवाद ऐकल्यावर लगेच आपसांत चर्चा करीत नसत. प्रत्येकाने आपापले मत स्वतंत्रपणे टिपण करून लिहावे, ती टिपणे परस्परांकडे पाठवावीत आणि मग चर्चेला बसावे, अशी तेथील प्रथा होती. हेतू हा की, एकाच्या वजनाखाली दुसऱ्याचा विचार दबू नये. हँड आपली निकालपत्रे हाताने लिहीत, खोडीत, पुन्हा लिहीत. बावन्न वर्षांच्या सेवेत त्यांनी लिहिलेल्या निकालपत्रांची संख्या चार हजारांच्या घरात जाते. गंभीर मुद्रेच्या आणि झुपकेदार भुवयांच्या या गृहस्थांना गाण्याची हौस होती. १९४२ मध्ये त्यांच्या आवाजातील लोकगीतांचे ध्वनिमुद्रण अमेरिकेच्या राष्ट्रीय ग्रंथालयासाठी करण्यात आले.

बहुतेक निकाल अर्थातच रोजच्या व्यवहाराचे : विमा, पेटंट, कर, जहाजे. त्यांतील दोन नावांच्या गोष्टी कायद्याच्या विद्यार्थ्यांना आजही शिकवितात. मार्च १९२८ मध्ये कोळशाने भरलेले बार्ज ओढून नेणाऱ्या टगबोटी वादळात सापडल्या आणि बार्ज बुडाले. बोटींवर चालू स्थितीतला रेडिओ असता तर हवामानाचा इशारा मिळाला असता. मालक म्हणाले, "या धंद्यात रेडिओ ठेवण्याची रीतच नाही." हँड यांनी १९३२ मध्ये निकाल दिला की, रीत नाही ही सबब पुरेशी नव्हे, सारा धंदाच कधी कधी मागासलेला असू शकतो.

दुसरी गोष्ट जानेवारी १९४४ मधील. न्यूयॉर्क बंदरात एक बार्ज सुटून वाहत गेले आणि सरकारी पिठासह बुडाले. त्यावरचा माणूस एकवीस तास जागेवर नव्हता. ही हयगय म्हणावी काय? १९४७ च्या निकालपत्रात हँड यांनी चक्क बीजगणित मांडले. अपघाताची शक्यता आणि संभाव्य नुकसान यांचा गुणाकार करावा. खबरदारीचा खर्च त्याहून कमी असूनही ती घेतली नसेल, तर हयगय झाली. एवढे सुटसुटीत सूत्र कायद्यात क्वचितच सापडेल. हे सूत्र आपण लक्षात ठेवावे. त्याच्याशी आपली पुन्हा गाठ पडणार आहे.

परंतु साऱ्या गोष्टी गुणाकाराने सुटत नाहीत. त्याच १९४७ मध्ये त्यांच्यापुढे एक हृदयद्रावक प्रकरण आले. एका परदेशी माणसाने अमेरिकेच्या नागरिकत्वासाठी अर्ज केला होता. आधीच्या पाच वर्षांत अर्जदाराचे वर्तन नीतीचे असावे, अशी अट होती. या माणसाने आपल्या तेरा वर्षांच्या मुलाला क्लोरोफॉर्म देऊन मारले होते. मूल जन्मापासून अंध, मुके, अंथरुणाला खिळलेले. घरात आणखी चार मुले. ज्यूरीने बापाला दोषी ठरविले, पण अत्यंत दयेची शिफारस केली, आणि त्याला तुरुंगात जावे लागले नाही. अर्ज तीन आठवडे उशिरा आला असता, तर ती घटना पाच वर्षांच्या कक्षेबाहेर गेली असती. बाप म्हणून, माणूस म्हणून आपल्याला काय वाटते हे हँड यांनी महत्त्वाचे मानले नाही. समाजाची सर्वसाधारण सद्सद्विवेकबुद्धी या कृत्याला क्षमा करते काय, असा प्रश्न त्यांनी केला. आणि आपल्याला हे निश्चित सांगता येत नाही, असे प्रांजळपणे लिहिले. अर्ज फेटाळला गेला. मात्र नव्याने अर्ज करण्याची वाट मोकळी ठेवली, कारण एव्हाना पाच वर्षे उलटून गेली होती. सहकारी न्यायाधीश जेरोम फ्रँक यांनी भिन्न मत दिले. आम्ही हे प्रकरण अनेकदा वाचले, आणि कोणाचे बरोबर हे आम्हालाही ठरविता आलेले नाही.

आता तो प्रसंग, जो सांगताना त्यांचा चाहता म्हणून आम्हाला संकोच वाटतो. १९४९ मध्ये अमेरिकेतील अकरा कम्युनिस्ट पुढाऱ्यांना, सरकार उलथून पाडण्याचा पुरस्कार करण्याचा कट केला म्हणून, शिक्षा झाल्या. १९५० मध्ये त्यांचे अपील हँड यांच्यापुढे आले. शीतयुद्ध भडकलेले, कोरियात रणकंदन चाललेले. १९१७ चे हँड असते, तर त्यांनी केवळ शब्द पाहिले असते. १९५० च्या हँड यांनी संकटाचे गांभीर्य आणि ते ओढवण्याची शक्यता यांची सांगड घालून त्याच्याशी स्वातंत्र्यावरील बंधन तोलले, आणि शिक्षा कायम केल्या. श्रोतेहो, हे तेच बार्जचे सूत्र! पिठाच्या पोत्यांची किंमत ठरविता येते. परंतु संकटाचा आकडा भयाने ठरू लागला म्हणजे तो इतका फुगतो की, गुणाकारात शक्यता कितीही लहान धरली तरी स्वातंत्र्याचे पारडे वर गेल्यावाचून राहत नाही. दैवाचा विनोद असा की, जो निर्णय त्यांनी भयाला न जुमानता दिला तो उलटला. आणि जो दिला नसता तर बरे, असे आज अनेकांना वाटते, तो १९५१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्यांच्याच सूत्रासह उचलून धरला.

न्यायबुद्धीने हेही सांगितले पाहिजे की, त्याच १९५० च्या अखेरीस हेरगिरीच्या आरोपातील एका स्त्रीची शिक्षा त्यांनी रद्द केली. ती दोषी आहे याविषयी त्यांना संशय नव्हता. पण वॉरंटावाचून केलेली अटक आणि चोरून ऐकलेली टेलिफोनवरील संभाषणे त्यांना मान्य नव्हती. मॅकार्थींच्या काळातील परस्परसंशयाच्या साथीविरुद्धही ते उघडपणे बोलले.

सर्वोच्च न्यायालयासाठी त्यांचे नाव अनेकदा पुढे आले आणि प्रत्येक वेळी मागे पडले. १९४२ च्या अखेरीस न्यायमूर्ती फ्रँकफर्टर यांनी अध्यक्ष रूझवेल्ट यांच्याकडे त्यांच्यासाठी फार रदबदली केली. पण रूझवेल्ट यांनीच १९३७ मध्ये न्यायाधीशांच्या उतारवयाविरुद्ध मोहीम काढली होती. आता सत्तरी उलटलेल्या माणसाला कसे नेमणार? जागा दुसऱ्यास गेली. हँड यांना याची खंत होती, ती त्यांनी स्नेह्यांपासून लपविली नाही. विरक्तीचा आव त्यांनी आणला नाही, हेही आम्हाला आवडते.

जी कीर्ती पदाने दिली नाही, ती एका छोट्या भाषणाने दिली. २१ मे १९४४ रोजी न्यूयॉर्कच्या सेंट्रल पार्कमध्ये लक्षावधी लोक जमले होते. त्यांत नव्याने नागरिकत्व मिळालेल्यांचा मोठा समुदाय होता. हँड बोलले ते काही मिनिटेच. स्वातंत्र्य माणसांच्या अंतःकरणात असते. तेथे ते मेले तर कोणतीही राज्यघटना, कोणताही कायदा, कोणतेही न्यायालय त्याला वाचवू शकत नाही, असा त्यांचा आशय होता. स्वातंत्र्याची वृत्ती कोणती, तर आपलेच बरोबर आहे याची फार खात्री नसणे. महायुद्ध ऐन भरात असताना, विजयाची गर्जना ऐकण्यास आलेल्या समुदायापुढे एक वृद्ध न्यायाधीश सांगत होता की, थोडे साशंक राहा!

या वृत्तीची दुसरी बाजूही आहे. १९५८ मध्ये, शाळांतील वर्णभेद घटनाबाह्य ठरविणाऱ्या १९५४ च्या निकालाविषयीदेखील त्यांनी हार्वर्ड येथील व्याख्यानांत शंका व्यक्त केली. निवडून न आलेल्या न्यायाधीशांनी लोकांवर आपली मूल्ये लादू नयेत, हे त्यांचे मत. त्याच काळात दक्षिणेत पाचव्या सर्किटचे टटल, विझडम, रिव्ह्ज आणि ब्राउन हे अपील न्यायाधीश, समाजाचा रोष पत्करून, काळ्या मुलांसाठी शाळांची दारे उघडीत होते. आमच्या मते येथे हँड चुकले. ज्याच्या तोंडावर दार लावलेले आहे, त्याला न्यायाधीशाच्या साशंकतेचे सौंदर्य कसे दिसावे? शंका स्वतःच्या सामर्थ्याविषयी असावी. दुसऱ्याच्या दुःखाविषयी नसावी.

१९५१ मध्ये नियमित सेवेतून निवृत्त झाल्यावरही ते प्रकरणे ऐकत राहिले. १८ ऑगस्ट १९६१ रोजी, एकोणनव्वदाव्या वर्षी, त्यांचे निधन झाले. त्यानंतर आठ वर्षांनी, १९६९ मध्ये, अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने ठरविले की, तात्काळ बेकायदा कृत्य घडविण्याच्या हेतूने दिलेली आणि ते घडण्याचा संभव असलेली चिथावणी, एवढीच दंडनीय. 'मासेस'मधील पराभूत विचाराची छाया अभ्यासकांना त्या निकालात दिसते. आपल्याकडे २०१२ मध्ये पालघर येथे समाजमाध्यमावरील एका साध्या टिप्पणीवरून दोन तरुणींना अटक झाली. त्यातून निघालेल्या श्रेया सिंघल खटल्यात २०१५ मध्ये आपल्या सर्वोच्च न्यायालयाने चर्चा, पुरस्कार आणि चिथावणी यांत भेद केला, आणि चिथावणीपर्यंत न पोहोचलेल्या शब्दांना संरक्षण दिले. तथापि वाद मिटलेला नाही. बंदी घातलेल्या संघटनेचे केवळ सभासदत्व हा गुन्हा नव्हे, असे २०११ मध्ये अमेरिकेच्या त्याच निकालाचा आधार घेऊन आपल्याकडे म्हटले गेले होते; २०२३ मध्ये मोठ्या न्यायपीठाने ते मत रद्द केले. रेषा कोठे ओढावी हा १९१७ चा प्रश्न प्रत्येक पिढीपुढे नव्याने उभा राहतो.

आता दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर. आपण, किंवा आपले वाडवडील, पोटासाठी, नोकरीसाठी घर सोडून या प्रांतात आलो. येथल्या लोकांची भाषा निराळी, सण निराळे, चवी निराळ्या. पन्नास वर्षे हे मंडळ टिकले ते केवळ आपली संस्कृती जपली म्हणून नव्हे. शेजाऱ्याचेही बरोबर असू शकेल, हे आपण मान्य केले. आणि मंडळाच्या वार्षिक सभेत कितीही खडाजंगी झाली, तरी दुसऱ्या दिवशी विरोधी गटाच्या घरी चहाला गेलो, म्हणून टिकले.

१६५० मध्ये क्रॉमवेल यांनी स्कॉटलंडच्या धर्ममंडळाला कळकळीने लिहिले होते की, आपण चुकत असू, ही शक्यता तरी ध्यानात घ्या. हँड १९५१ मध्ये सिनेटच्या एका समितीपुढे म्हणाले की, हे वचन प्रत्येक चर्चच्या, शाळेच्या, न्यायालयाच्या आणि विधिमंडळाच्या दारावर कोरावे. मंडळाच्या वास्तूच्या नूतनीकरणासाठी निधी जमविला जात आहे, असे चिटणीसांनी आम्हाला सांगितले. दारावर एखादी ओळ कोरण्यापुरती शिल्लक राहिली, तर या सूचनेचा विचार व्हावा. अर्थात, आमची ही सूचना चुकीची असू शकेल, हेही आम्ही ध्यानात ठेवले आहे.

मंडळाला शतकमहोत्सव लाभो, अशी शुभेच्छा व्यक्त करून आम्ही आपली रजा घेतो.